हुकूमनामा आमचा, औत पाटलाचं

बाप जमिनीचा दावा जिंकला. हुकूमनामा बाबासाहेबांच्या फोटोखाली ठेवला. त्याला वाटलं, संपलं. रानात औत मात्र अजून पाटलाचंच.

1872 साली प्रिव्ही कौन्सिलनं म्हणून ठेवलंय, हिंदुस्थानात पक्षकाराचं दुखणं हुकूमनामा मिळाल्यावरच सुरू होतं. गोरे गेले, दुखणं इथंच राहिलं.

ताबा हवा तर दरखास्त टाका. नवा नंबर, नव्या तारखा, वकिलाची नवी फी. बेलिफ आला तेव्हा बांधावर वीस काठ्या उभ्या. त्यानं पाटलाचा चहा घेतला, ‘अडथळा झाला’ असं लिहिलं आणि एसटी धरली. आता आम्हीच तीस दिवसांत अर्ज द्यायचा, पोलीस मागायचे, बंदोबस्ताचे पैसे आधी भरायचे. आडवा तो आला, पावती आमच्या नावानं!

कायद्यात दम नाही म्हणू नका. 1908 च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत आदेश 21, नियम 35 वाचा: हटत नसेल त्याला हटवून ताबा द्या. आमच्या झोपड्या उठवताना भल्या पहाटे गाडीभर पोलीस येतातच की. तेव्हा कुणी फी भरली होती?

2021 साली सुप्रीम कोर्टानं दरखास्ती सहा महिन्यांत संपवा म्हणून सांगितलं. आमची चौथ्या वर्षात आहे. मी गोदीतली पाळी बुडवून तारखेला जातो, गैरहजेरीत ती काढून टाकतील म्हणून.

दोस्तहो, पुढच्या खेपेला बेलिफ येईल तेव्हा बांधावर आपली दोनशे पोरं पाहिजेत. नुसती उभी. ताबेपावतीवर सही होईस्तोवर.