फसल्यावर नव्हे, पैसे मोजतानाच जागे व्हा!

पनवेल तालुक्यातील खेड्यांत मराठी शाळेवर मास्तरकी करीत आमची वीसएक वर्षे गेली. हाताखालून गेलेली पोरे मार्गी लागलेली पाहून जसा आनंद होतो, तसाच त्यांपैकी कित्येकांना नोकरीच्या आमिषाने नागवलेले पाहून जीव तळमळतो. गेल्या शिमग्याला असाच एक जुना विद्यार्थी बापाला घेऊन घरी आला. जहाजावर नोकरी लावतो म्हणून एका दलालाने त्यांच्याकडून साडेचार लाख रुपये घेतले. वर्ष लोटले, जहाज नाही आणि पैसेही नाहीत. चौकीवर गेले तर उत्तर मिळाले, "हा देण्याघेण्याचा वाद आहे, दिवाणी कोर्टात जा." बाप म्हणाला, "गुरुजी, दिवसाढवळ्या लुटले, तरी हा गुन्हा नाही म्हणतात?"

सवाल रास्त आहे. पण त्याचे उत्तर आपण डोके थंड ठेवून समजून घेतले पाहिजे.

चारसोबीस ही शिवी पोरासोरांच्या तोंडी आहे, परंतु त्या कलमात काय आहे हे थोड्यांनाच ठाऊक असते. 1860 च्या दंडसंहितेत फसवणुकीची व्याख्या करताना निळीच्या पिकाचा एक दृष्टांत दिला आहे. एकाने नीळ देण्याचे कबूल करून आगाऊ रक्कम घेतली. घेतानाच ती द्यायची नाही असे त्याच्या मनात असेल, तर ती फसवणूक. घेताना द्यायचा विचार खरा होता, पण मागाहून त्याने करार मोडला, तर तो केवळ दिवाणी वाद. वर्तन बाहेरून सारखेच. फरक काय तो पैसे घेतले त्या घटकेच्या मनाचा! सर्वोच्च न्यायालयाने 2000 साली हृदय रंजन प्रसाद वर्मा यांच्या खटल्यात हेच सांगितले. 1 जुलै 2024 पासून जुन्या संहितेच्या जागी भारतीय न्याय संहिता आली. 420 चे कलम जाऊन 318 आले, शिक्षा सात वर्षांपर्यंत तशीच राहिली, आणि कसोटीही तीच राहिली.

दलालाला हे आपल्यापेक्षा चांगले कळते. म्हणून तो कधीही नाही म्हणत नाही. "खटपट चालू आहे, साहेब बदलले, पुढच्या महिन्यात नक्की," असे म्हणत तो दिवस काढतो. फारच तगादा लागला तर दहावीस हजार परत करतो आणि उरलेल्या रकमेचा स्टँपकागद करून देतो. आमच्याकडे आलेल्या बापाच्या पिशवीत तसाच एक कागद होता. त्यावर लिहिले होते, "हातउसने घेतले." नोकरीचे नाव कोठेच नाही! लुटीचे कर्ज झाले, आणि त्यावर अंगठा कोणाचा, तर लुटल्या गेलेल्याचाच.

मग मनातली गोष्ट सिद्ध कशी करावी? मनात कोणी शिरू शकत नाही. परंतु पहिल्या दिवशी बोललेले खोटे पकडता येते. जी जागा विकली ती मुळात होती काय? नेमणुकीचे पत्र त्या कचेरीने दिले होते काय? एकच जागा दहा जणांना विकली काय? पैसे आले त्याच दिवशी कोठे वळवले? 2022 साली तामिळनाडूच्या 28 तरुणांना रेल्वेच्या नोकरीचे प्रशिक्षण म्हणून नवी दिल्ली स्टेशनावर महिनाभर गाड्या आणि डबे मोजायला बसवले होते. असली सोंगेच आरंभीची नियत उघडी पाडतात.

जहाजाच्या नोकरीत तर पुरावा अधिक सोपा आहे. खलाशी भरती करणाऱ्याला नौवहन महासंचालकांचा परवाना लागतो, आणि 2016 च्या नियमांप्रमाणे नोकरी लावून देण्याबद्दल खलाशाकडून पैसे घेता येत नाहीत. परदेशातील नोकरीसाठी माणसे पाठवणाऱ्यालाही 1983 च्या कायद्याने नोंदणी आवश्यक आहे. परवाना नसता तो आहे म्हणून सांगितले, की पहिल्या दिवसाचे खोटे तेथेच हाती लागले.

यास्तव पैसे रोख देऊ नका. द्यायचेच असतील तर बँकेतून द्या आणि कशासाठी दिले ते लिहून घ्या. मोबाइलवरील निरोप पुसू नका. ते कोर्टात दाखल करताना कायद्याने ठरवलेले प्रमाणपत्र जोडावे लागते. हातउसन्याच्या कागदावर सही करू नका. फसलेले दहा जण मिळून एका दिवशी चौकीवर जा. एकाची गोष्ट व्यवहार ठरते, दहांची गोष्ट कट ठरते.

आमचा एक दोषही सांगितला पाहिजे. सरकारी नोकरीसाठी वशिल्याला पैसे मोजणारा बाप मागाहून तोंड उघडत नाही, कारण लाच देणेही गुन्हा आहे हे त्याला ठाऊक असते. ही लाजच दलालाचे खरे भांडवल होय.

परंतु पोलिसांनाही दोषातून सुटका नाही. आरंभी नियत खोटी होती की नव्हती, हे तपासाशिवाय कळणार कसे? बँकेचे खाते आणि कचेरीचे दप्तर गरीब शेतकरी उघडू शकत नाही, पोलिस उघडू शकतात. तक्रारीतून दखलपात्र गुन्हा दिसत असेल तर तो नोंदवलाच पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने 2013 मध्ये ललिता कुमारी यांच्या खटल्यात बजावले आहे. चौकीने नकार दिला तर वरिष्ठ अधिकाऱ्याकडे लेखी अर्ज करावा, आणि तेथेही दाद न लागल्यास मॅजिस्ट्रेटकडे जावे.

हा पैसा आला कोठून, याचा विचार करा. 1970 पासून सिडकोने या भागातील शेते घेतली. 1984 च्या जानेवारीत जासई आणि नवघरच्या लढ्यात पाच जणांनी गोळ्या खाल्ल्या, तेव्हा साडेबारा टक्के जमिनीचा हक्क पदरात पडला. आज शेत नाही म्हणून पोराला नोकरी हवी, आणि शेताचा मोबदला आहे म्हणून दलाल दारात उभा! डिसेंबर 2025 मध्ये विमाने उडू लागल्यावर विमानतळाचे नाव हे त्याच्या गळाला नवे आमिष झाले आहे. ज्या जमिनीसाठी रक्त सांडले तिचा पैसा भामट्याच्या खिशात जावा, याहून मोठी नामुष्की कोणती? बंधुहो, पैसे मोजण्यापूर्वी कागद वाचा. वाचता येत नसेल तर गावच्या शाळेत या. मास्तर त्याचसाठी आहे.

— एक खेडूत शिक्षक, ता. पनवेल