खुर्ची मिरवली, धर्म गाडला

शेकर म्हणजे कोण, असं अमेरिकेतल्या शिकलेल्या माणसाला विचारा. तो खुर्ची दाखवेल. पुण्या-मुंबईतल्या मॉड्युलर किचनवाल्याला विचारा. तो कपाटाचं दार दाखवेल. खासगी मालमत्ता सोडली, लग्न सोडलं, शस्त्र उचलायला नकार दिला, अशा ख्रिस्ती पंथाची ओळख शेवटी फर्निचर! आणि याला म्हणे वारशाचं जतन म्हणायचं. कसलं जतन? विठोबाला बाहेर काढून टाळ-मृदंग दिवाणखान्यात टांगण्यातला प्रकार आहे हा.

अ‍ॅन ली ही मँचेस्टरची निरक्षर कामकरी बाई. १७७४ साली मूठभर अनुयायांना घेऊन ती अमेरिकेत आली. तिच्या या शेकर पंथात बाई-पुरुषांना सारखा अधिकार होता. १७९६पासून पाव शतक लूसी राइट या बाईनं अख्खा पंथ चालवला. बाकीच्या अमेरिकेला बायकांचा मताचा हक्क राज्यघटनेत लिहायला १९२० साल उजाडलं! एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर शेकरांची संख्या काही हजारांवर होती. आज मेन राज्यातल्या सॅबथडे लेक या एकाच वस्तीत ते उरलेत, तेही बोटांवर मोजण्याइतके.

यावर शहाण्यांचं उत्तर ठरलेलं: ब्रह्मचर्य पाळलं, मग संपणारच! अहो, घरात पाळणा न हलता हे लोक अडीचशे वर्षं टिकले. रॉबर्ट ओवेन या थोर विचारवंतानं १८२५ साली न्यू हार्मनीत आपली आदर्श वस्ती मांडली. तिथे संसाराला मोकळीक होती, तरी दोन-तीन वर्षांत सगळा गाशा गुंडाळला. मग वेडं कोण?

आता ती खुर्ची नीट बघा. पाठीला आडव्या पट्ट्या, विणलेली बैठक, एका हातानं उचलता येईल इतकी हलकी. काम झालं की भिंतीवरच्या खुंटीला उलटी टांगायची. खाली जमीन झाडता येते आणि धूळ बसलीच तर बैठकीच्या खालच्या बाजूला बसते. तिच्यावर नक्षी नाही, कारण कारागिरानं मिरवायचं नाही. मालकी कुणा एकाची नाही, कारण तिथे कुणाचंच काही नाही. हा अपरिग्रह लाकडात उतरलाय, आणि संग्राहक त्यात 'मिनिमलिझम'ची सौंदर्यमीमांसा शोधत बसतात!

शेकरांनी स्वतःही खुर्च्या विकल्या, कॅटलॉग छापून विकल्या. विकण्याला माझा विरोध नाही, ढोंगाला आहे. आपली आठवण एखादी खुर्ची म्हणून उरेल, ही खंत शेकर पंथातल्याच सिस्टर मिल्ड्रेड बार्कर यांनी बोलून दाखवली होती. त्या १९९० साली गेल्या. त्याच वर्षी ऑप्रा विन्फ्रीनं शेकर फर्निचरच्या एका नगासाठी २,२०,००० डॉलर मोजले. साधेपणाचा हा भाव! ज्यांनी 'माझं' म्हणणं सोडलं, त्यांच्या वस्तूवर 'माझं' म्हणण्यासाठी बोली लावायची, याहून मोठी विटंबना कोणती?

सॅबथडे लेकला आजही रविवारची उपासना होते, बाहेरच्यांना तिचं दार उघडं असतं. मेंढ्या आहेत, औषधी वनस्पतींची लागवड आहे. नव्या माणसाला पंथात यायची वाटही खुली आहे. वारसा तिथे जिवंत आहे. तो जपायचा असेल तर त्या वस्तीच्या पाठीशी उभे राहा आणि संग्रहालयाच्या पहिल्या फलकावर खुर्चीच्या आधी त्यांचा धर्म लिहा. तो पटत नसेल तर खुशाल भांडा, शेकरांना त्याची सवय आहे. पण त्यांची श्रद्धा पुसून त्यांचं सामान मिरवणाऱ्यांनी स्वतःला वारशाचे राखणदार म्हणवू नये. ते गिऱ्हाईक आहेत, बस्स.