अपघातानंतरचे सहा महिने

रस्त्यावर अपघात घडला की पहिल्या तासात माणसे धावून येतात. जखमीला रिक्षात घालणारे, रक्ताची सोय करणारे, घरच्यांना धीर देणारे हात आपल्या समाजात आजही कमी नाहीत. आठवड्याभरात मात्र ही गर्दी ओसरते आणि खरी परवड तेथून सुरू होते. २०२२ या एका वर्षात देशातील रस्त्यांवर १,६८,४९१ माणसे मृत्युमुखी पडली आणि ४,४३,३६६ जखमी झाली. मृतांचा आकडा वृत्तपत्रांत ठळकपणे येतो. जखमींच्या आकड्यामागील थांबलेले पगार आणि गहाण पडलेले दागिने कोण मोजणार?

मध्यमवर्गीय घरात नुकसानभरपाईचा विषय काढणेच अनेकांना अप्रशस्त वाटते. 'जीव वाचला, आणखी काय हवे?' असे म्हणून कागद कपाटात जातात. ही निरिच्छता दिसायला उदात्त असली तरी तिच्या मुळाशी गैरसमज आहे. भरपाई ही भीक नव्हे. प्रत्येक वाहनावर तृतीय पक्षाचा विमा सक्तीचा केला आहे तो याचसाठी. (विम्याविना फिरणाऱ्या दुचाकींचा प्रश्न वेगळाच, आणि तो बहुधा आपल्याच दारात उभा असतो.)

संकोच बाळगून बसण्याइतका वेळही आता कायदा देत नाही. मोटार वाहन कायद्यातील मुदतीची अट १९९४ च्या दुरुस्तीने काढून टाकली होती. २०१९ च्या दुरुस्तीने ती परत आणली आणि १ एप्रिल २०२२ पासून अपघातानंतर सहा महिन्यांत दावा दाखल करणे आवश्यक ठरले. तिला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले गेले आहे, आणि ते योग्यच झाले. मांडीचे हाड मोडलेल्या माणसाचे सहा महिने अंथरुणातच जातात. त्याने वकिलाचा जिना कधी चढावा? पोलिसांनी ४८ तासांत प्राथमिक आणि ९० दिवसांत सविस्तर अहवाल न्यायाधिकरणाकडे द्यावा, असे २०२२ चे नियम सांगतात. कागदावर व्यवस्था उत्तम आहे. ठाण्यात जाऊन तिची आठवण करून देणारा कोणी असला, तर ती हलते.

दावा उभा राहिल्यावर सारा झगडा एका टक्केवारीभोवती फिरतो. डावा हात गमावलेल्याचे अपंगत्व वैद्यकीय मंडळ समजा ६० टक्के ठरवते. तो कारकून असेल तर कदाचित नोकरी टिकेल. वाहनचालक किंवा सुतार असेल तर त्याची कमाई जवळजवळ पूर्णच गेली. शरीराचे अपंगत्व आणि कमाईची हानी या दोन निराळ्या गोष्टी आहेत, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये नेमक्या अशाच उदाहरणाने स्पष्ट केले. बत्तीस वर्षांच्या, महिना १५,००० रुपये मिळवणाऱ्या चालकाचा हिशोब करून पाहावा. वार्षिक उत्पन्न १ लाख ८० हजार, वयानुसार गुणक १६. हानी ६० टक्के धरली तर १७ लाख २८ हजार. शंभर टक्के धरली तर २८ लाख ८० हजार. भावी उत्पन्नवाढीची रक्कम त्याहून वेगळी. साडेअकरा लाखांचा हा फरक केवळ 'हा माणूस काय काम करीत होता' या एका प्रश्नाच्या उत्तरात दडलेला आहे, आणि ते उत्तर पुराव्यासह मांडावे लागते.

गृहिणीच्या बाबतीत तर प्रश्नच विचारला जात नाही. 'त्या घरीच असतात' या वाक्यात तिचे पहाटेपासूनचे श्रम पुसले जातात. वास्तविक तिच्या श्रमाचे मूल्य धरूनच भरपाई द्यावी, असे न्यायालयाने अनेकदा, अगदी २०२१ मध्येही बजावले आहे.

रुग्णालयाच्या व्हरांड्यात टक्केवारीवर दावे गोळा करणारे दलाल फिरतात, कारण ती जागा रिकामी असते. रक्तदानाला धावणाऱ्या कार्यकर्त्यांनी तीच जागा घ्यायला हवी. फिर्यादीची प्रत, डिस्चार्ज कार्ड, औषधांची बिले, पगाराचा दाखला एका फाइलमध्ये लावून देण्यास कायद्याची पदवी लागत नाही. अपघात परजिल्ह्यात झाला असला तरी दावा जखमीच्या राहत्या जिल्ह्यात दाखल करता येतो. वकिलाची ऐपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे. महिलांना, अनुसूचित जाती-जमातींना आणि अपंगांना तेथे उत्पन्नाची अट न लावता विनामूल्य वकील मिळतो.