हाताची घडी सोडली आणि सत्तावीस सापडले



‘हाताची घडी, तोंडावर बोट!’ हे वाक्य आपण सगळ्यांनीच म्हटलंय. मी तर रोज म्हणायचे. वर्ग शांत म्हणजे शिकवणं चांगलं, ही समजूत मी डी.एड.पासून सोबत घेऊन आले होते. ती मोडली दुसरीतल्या एका मुलामुळे.

सत्तावीस सांगितलं की हा ७२ लिहायचा. छत्तीस सांगितलं की ६३. मी समजावलं, मग दहा-दहा वेळा लिहून घेतलं. शिवाय बसल्या जागी सारखी चुळबूळ. एक दिवस ‘लक्ष कुठंय तुझं?’ म्हणून त्याला कोपऱ्यात उभं केलं. त्याचं मला अजून वाईट वाटतं, कारण लक्ष होतं त्याचं. आपण ‘सत्तावीस’ म्हणतो तेव्हा कानावर आधी सात पडतो, मग वीस. त्यानं ऐकलं तसंच लिहिलं.

२०१९ मध्ये बालभारतीच्या दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात ‘वीस सात’ असं संख्यावाचन आलं आणि केवढा गदारोळ झाला, आठवत असेल. मंगला नारळीकर यांनी तेव्हा त्या पद्धतीची बाजू मांडली होती. ती पद्धत बरी की वाईट, या वादात मी आत्ता शिरत नाही. पण मुलांची अडचण खरी आहे, हे वर्गात बसल्यावर कळतं.

मग आम्ही पटांगणात फक्कीने एक लांब रेघ मारली. शून्य ते शंभर. दर पावलावर खूण, दर दहाव्या खुणेवर मोठा गोल. नियम एवढाच: एका गोलापासून पुढच्या गोलापर्यंत धावायचं, ते झालं एक दशक. राहिलेले एकक उड्या मारत जायचे. सत्तावीस म्हणजे दोन धावा आणि सात उड्या. आधी धाव, मग उडी; लिहितानाही आधी दशक, मग एकक. बहात्तरला मात्र सात धावा, म्हणजे पार हापशाजवळ. तो तिथे धापा टाकत उभा राहिला, मागे वळून बघितलं आणि म्हणाला, “बाई, सत्तावीस तर तिकडंच राहिलं की!”

वहीत २७ आणि ७२ शेजारी-शेजारी, सारख्याच आकाराचे दिसतात. त्यांच्यातलं अंतर त्याला त्या दिवशी पायांनी कळलं.

याच रेघेवर बेरजेतली आणखी एक चूक सुटली. सात अधिक पाच करताना काही मुलं सातावरच बोट ठेवून ‘एक’ मोजतात आणि उत्तर अकरा आणतात. तुमच्याही वर्गात असतील. रेघेवर सातावर उभं राहिलं की अजून उडीच मारलेली नसते. पाय आठावर टेकले की मगच ‘एक’. हे मला फळ्यावर महिनाभर जमलं नव्हतं.

आता थोडं कडू बोलते. मुलं कंटाळली की टाळ्या वाजवून घ्यायच्या, एक कृतिगीत म्हणायचं आणि पुन्हा ‘बसा, पुस्तक काढा’. हे वाईट नाही, पण ती विश्रांती झाली. हालचालीतून शिकणं वेगळं. ज्या उडीत गणित नाही, ती मुलाला ताजंतवानं करेल, पण बेरीज शिकवणार नाही. म्हणून पाठाचं नियोजन करताना मी स्वतःला एकच विचारते: ही हालचाल काढून टाकली तर पाठातलं काही कमी होईल का?

अडचणी आहेतच. पहिली-दुसरी एकत्र असते, शेजारच्या वर्गाला गोंगाटाचा त्रास होतो, उन्हात अकरानंतर बाहेर नेता येत नाही. एका मुलीला पायामुळे धावता येत नाही. सुरुवातीला मी तिला नुसती संख्या पुकारायला लावायची. ते चुकलं माझं, कारण ती खेळात होती पण शिकण्यात नव्हती. आता ती शंभर मण्यांच्या माळेवर दहाचा गट एका झटक्यात सरकवते आणि सुटे मणी एकेक. बऱ्याचदा धावणाऱ्याच्या आधी पोचते.

आणखी एक. पटांगणातून आल्यावर त्याच दिवशी वहीत रेघ काढून घ्याच. नाहीतर उड्या पटांगणातच राहतात आणि पेपरात मूल पुन्हा कोरं.

एक आजोबा गेटवरून म्हणाले होते, “आम्ही काय पळायला पाठवतो का पोरांना?” मी त्यांना आत बोलावलं, नातवाला ‘त्रेसष्ट’ म्हटलं आणि रेघेवर सोडलं. सहा धावा, तीन उड्या. आजोबा मोजत होते. नंतर काही बोलले नाहीत, पण पुढच्या आठवड्यात फक्की संपली तेव्हा अर्धी पिशवी त्यांनीच आणून दिली.

पावसात रेघ दरवेळी धुऊन जाते. यंदा व्हरांड्यात ऑइलपेंटने निदान पन्नासपर्यंतची पट्टी रंगवायची आहे. कुणी केली असेल तर रंग किती लागला आणि किती वर्षं टिकला, ते जरूर कळवा.