शाकाहारी मांसाचे घोडे कुठे पेंड खाते?

मांसाहाऱ्याला मांस सोडायला न सांगता त्याच्या ताटातील प्राणी तेवढा बाजूला काढायचा, या एका कल्पनेवर गेल्या दीड दशकात एक संपूर्ण उद्योग उभा राहिला. वाटाणा किंवा सोयाबीनची प्रथिने, खोबरेल तेल, बीटचा रस अशा घटकांपासून बनवलेला, पण तव्यावर मांसासारखा चरचरणारा आणि दाताखाली मांसासारखा तुटणारा बर्गर ही या उद्योगाची ओळख. हवामानबदल, प्राण्यांची कत्तल आणि अतिमांसाहाराने जडणारे विकार या तिन्हींवर हा एकच उतारा असल्याचा दावा त्यामागे होता. आज या उद्योगाची अवस्था पाहता, तो दावा निराधार होता असे म्हणता येत नाही. पण बाजाराने तो स्वीकारला असेही म्हणता येत नाही. असे का झाले, याचा शोध केवळ कंपन्यांच्या ताळेबंदात लागणारा नाही. त्यासाठी खाण्याच्या सवयी, शेतमालाचा प्रवास आणि स्वयंपाकघरातील विश्वास यांचीही झाडाझडती घ्यावी लागते.

चढ आणि उतार

इथन ब्राऊन यांनी २००९ मध्ये कॅलिफोर्नियात 'बियाँड मीट' या कंपनीची स्थापना केली. स्टॅनफर्ड विद्यापीठातील जीवरसायनशास्त्रज्ञ पॅट्रिक ब्राऊन यांनी २०११ मध्ये 'इम्पॉसिबल फूड्स' सुरू केली. मांसाला त्याची विशिष्ट चव आणि लाली देणारा 'हीम' हा लोहयुक्त घटक सोयाबीनच्या मुळांवरील गाठींमध्येही असतो. त्या प्रथिनाचे जनुक यीस्टमध्ये घालून ते मोठ्या टाक्यांत तयार करण्याची युक्ती इम्पॉसिबलने साधली. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने जुलै २०१८ मध्ये त्याच्या सुरक्षिततेबद्दल कोणतीही शंका उपस्थित न करता वाट मोकळी करून दिली आणि ऑगस्ट २०१९ मध्ये 'बर्गर किंग'ने हा बर्गर अमेरिकाभरातील आपल्या उपाहारगृहांत आणला.

भांडवली बाजारालाही याच वर्षी या कल्पनेची भुरळ पडली. २ मे २०१९ रोजी बियाँड मीटचा समभाग २५ डॉलरला विक्रीस आला आणि पहिल्याच दिवशी ६५.७५ डॉलरवर बंद झाला. जुलैमध्ये त्याने २३० डॉलरचा टप्पा ओलांडला. पाठोपाठ करोनाची साथ आली. २०२० च्या वसंतात अमेरिकेतील मोठे कत्तलखाने बंद पडून मांसाचा तुटवडा झाला आणि घरी अडकलेल्या ग्राहकाने या नव्या पदार्थाला हात घातला. या क्षेत्राचा पुरस्कार करणाऱ्या 'गुड फूड इन्स्टिट्यूट'च्या आकडेवारीनुसार, त्या वर्षी अमेरिकेतील किरकोळ विक्री ४५ टक्क्यांनी वाढून १४० कोटी डॉलरवर पोहोचली. वाढीचा हा वेग असाच राहील, असे गृहीत धरून कारखाने विस्तारले गेले, कर्जे उभारली गेली. बियाँड मीटने एकट्या २०२१ मध्ये ११५ कोटी डॉलरचे परिवर्तनीय कर्जरोखे विकले.

गृहीतक चुकले ते इथेच. २०२१ मध्ये विक्री जागच्या जागी राहिली आणि २०२३ पर्यंत ती सुमारे १२० कोटी डॉलरवर घसरली. बियाँड मीटचा महसूल २०२१ मध्ये ४६.४७ कोटी डॉलर होता, तो २०२४ मध्ये ३२.६५ कोटींवर आला. २०२२ या एकाच वर्षातील तोटा ३६ कोटी डॉलरहून अधिक होता. मांसव्यवसायातील बलाढ्य कंपनी 'जेबीएस'ने अमेरिकेतील आपला 'प्लँटेरा' हा वनस्पतिजन्य मांसाचा उद्योग २०२२ मध्ये गुंडाळला. 'मॅकडोनाल्ड्स'ने त्याच वर्षी अमेरिकेतील सुमारे ६०० उपाहारगृहांत घेतलेली 'मॅकप्लांट'ची चाचणी पुढे सरकलीच नाही. ऑक्टोबर २०२५ मध्ये कर्जाच्या फेररचनेसाठी बियाँड मीटने नवे समभाग देऊ केले, तेव्हा कधीकाळी २३० डॉलर मोजून घेतला गेलेला समभाग एक डॉलरच्याही खाली गेला. त्यानंतर सट्टेबाजांनी तो काही दिवस उसळवला खरा. पण त्या उसळीचा कंपनीच्या धंद्याशी संबंध नव्हता.

कुतूहल म्हणजे मागणी नव्हे

या घसरणीचे पहिले कारण असे की, कंपन्यांनी आणि गुंतवणूकदारांनी कुतूहलालाच मागणी मानले. नवा पदार्थ एकदा चाखून पाहणारा ग्राहक आणि दर आठवड्याला तो पिशवीत टाकणारा ग्राहक यांत महदंतर असते. खाद्यपदार्थाचा धंदा चालतो तो दुसऱ्याच्या जिवावर. एकदा चाखलेल्या ग्राहकाला पुन्हा दुकानाकडे वळवायचे, तर पदार्थाला तीन परीक्षा द्याव्या लागतात : चव, भाव आणि विश्वास.

चवीच्या परीक्षेत हा पदार्थ काठावर आहे. मसालेदार बर्गरमध्ये किंवा खिम्यात तो खपून जातो. पण मांसाच्या अखंड तुकड्याचा पोत साधणे अजूनही अवघड आहे. भावाच्या परीक्षेत तो बहुतेक ठिकाणी अनुत्तीर्ण ठरला. वाटाण्यातून प्रथिने वेगळी काढणे, त्यांना उष्णता व दाबाखाली तंतुमय रूप देणे आणि गोठवलेल्या स्थितीत दुकानापर्यंत पोहोचवणे, ही साखळी लहान प्रमाणावर महागच पडते. मांसाचा उद्योग मात्र अनेक दशकांच्या विस्ताराने आणि स्वस्त पशुखाद्याने आपला खर्च खाली आणून बसला आहे.

तथापि, दोष एकट्या भावाचा नाही. अमेरिकेतील गोधन जानेवारी २०२५ मध्ये ८ कोटी ६७ लाखांवर, म्हणजे १९५१ नंतरच्या नीचांकावर आले आणि त्या वर्षी बीफचे भाव विक्रमी झाले. तरीही ग्राहक शाकाहारी मांसाकडे वळला नाही. इथे तिसरी परीक्षा आड आली. 'वनस्पतीपासून' हे शब्द वाचून आरोग्याच्या अपेक्षेने वेष्टन हाती घेणाऱ्याला त्यावर मेथिलसेल्युलोजसारखी अपरिचित नावे, मीठ आणि संपृक्त मेद दिसले. मांस उद्योगाच्या बाजूने झालेल्या जाहिरातींनी या घटकांच्या लांबलचक यादीवर नेमके बोट ठेवले.

वास्तविक, या पदार्थाची आरोग्याची बाजू अगदीच लंगडी नाही. स्टॅनफर्डच्या संशोधकांनी ३६ व्यक्तींवर केलेला एक प्रयोग २०२० मध्ये प्रसिद्ध झाला. मांसाऐवजी आठ आठवडे हे पदार्थ खाल्ल्यावर 'वाईट' कोलेस्टेरॉल कमी झाल्याचे त्यात आढळले. मात्र या प्रयोगाला अर्थसाह्य बियाँड मीटचेच होते आणि ३६ ही संख्या लहानच. कंपनीने २०२४ मध्ये आपल्या बर्गरमधील खोबरेल तेल काढून तेथे अव्होकाडोचे तेल आणले, मीठही कमी केले. तोवर ग्राहकाचे मत बनून गेले होते.

जर्मनीचा वेगळा अनुभव

अमेरिकेच्या उदाहरणावरून संपूर्ण उद्योग बुडाला असा निष्कर्ष काढणे घाईचे होईल. सॉसेजच्या देशात, जर्मनीत, चित्र निराळे आहे. तेथील सांख्यिकी कार्यालयाच्या माहितीनुसार २०२३ मध्ये मांसपर्यायांचे उत्पादन १६.६ टक्क्यांनी वाढून १,२१,६०० टनांवर गेले. १८३४ पासून मांस विकणाऱ्या 'र्‍यूगेनवाल्डर म्यूले' या कंपनीला २०२० मध्ये पारंपरिक सॉसेजपेक्षा शाकाहारी पदार्थांतून अधिक उत्पन्न मिळू लागले. 'लिडल' या किफायतशीर दुकानांच्या साखळीने ऑक्टोबर २०२३ मध्ये जर्मनीत आपल्या शाकाहारी पदार्थांचे भाव मांसाच्या पदार्थांच्या बरोबरीला आणले. त्यानंतर या पदार्थांची विक्री ३० टक्क्यांहून अधिक वाढल्याचे कंपनीने सांगितले.

दोन देशांतील फरक बोलका आहे. अमेरिकेत हा पदार्थ क्रांती म्हणून विकला गेला. जर्मनीत तो ओळखीच्या खाटकाकडून, ओळखीच्या चवीत आणि परवडणाऱ्या भावात आला. तरीही तेथील मांस उत्पादनाचे मूल्य या पर्यायांच्या सुमारे ८० पट आहे, हेही विसरता येणार नाही.

प्रश्न केवळ कंपन्यांच्या नफातोट्याचा असता, तर हळहळण्याचे कारण नव्हते. परंतु संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेच्या अंदाजानुसार मानवनिर्मित हरितगृह वायूंपैकी १२ टक्के उत्सर्जन पशुपालनाच्या साखळीतून होते. याच संघटनेचा २०१३ मधील अंदाज १४.५ टक्के होता. बियाँड मीटसाठी मिशिगन विद्यापीठाने २०१८ मध्ये केलेल्या पाहणीत, बीफच्या तुलनेत या बर्गरपासून होणारे उत्सर्जन ९० टक्क्यांनी कमी असल्याचे आढळले होते. पाहणी कंपनीच्या सांगण्यावरून झाली, हे लक्षात घेऊनही बीफ आणि कडधान्य यांच्या उत्सर्जनातील दरी मोठीच राहते. त्यामुळे हा प्रयोग फसला, तर खाण्याच्या सवयींना धक्का न लावता उत्सर्जन घटवण्याचा एक सोपा वाटणारा मार्ग बंद होतो.

मुंबईचा अनुभव आणि लातूरचा शेतकरी

भारतात ही लाट पोहोचली ती मुख्यत्वे मुंबईमार्गे. रितेश आणि जिनिलिया देशमुख यांनी सप्टेंबर २०२१ मध्ये 'इमॅजिन मीट्स' बाजारात आणली. मुंबईच्याच 'ब्लू ट्राइब'मध्ये विराट कोहली व अनुष्का शर्मा यांनी २०२२ मध्ये गुंतवणूक केली. आयटीसी आणि टाटा कन्झ्युमर यांनीही त्याच वर्षी आपापले पदार्थ आणले. केंद्राने जून २०२२ मध्ये 'व्हीगन' खाद्यपदार्थांसाठी स्वतंत्र नियमावली अधिसूचित केली. नामवंत चेहरे, मोठी घराणी आणि सरकारी चौकट असे सारे जुळून आले. तरी या पदार्थांची जागा महानगरांतील निवडक दुकानांच्या शीतकपाटापुरतीच राहिली.

याचे कारण इथल्या ताटात शोधावे लागेल. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीनुसार (२०१९-२१) १५ ते ४९ वयोगटातील ८३.४ टक्के पुरुष आणि ७०.६ टक्के स्त्रिया कधी ना कधी मासे, कोंबडी वा मांस खातात. म्हणजे मांसाहारी बहुसंख्य आहेत. परंतु ज्याच्या घरी रविवारीच कोंबडी शिजते, त्याला त्या दिवशी पर्याय नको असतो, अस्सलच हवे असते. सोमवार, गुरुवार किंवा श्रावण पाळणाऱ्याला त्या काळात मांसाची चव टाळायची असते, तिची नक्कल मिळवायची नसते. जन्मजात शाकाहारी माणसाला तर मांसासारखा दिसणारा पदार्थ हा आकर्षणाचा नव्हे, किळसेचा विषय ठरू शकतो. उरतो तो अल्पसंख्य शहरी वर्ग. शिवाय स्वस्त पर्याय हवा असणाऱ्यासाठी सोया चंक्स, छोले, पनीर आणि कोकणात कोवळ्या फणसाची भाजी कधीपासून हजर आहे. सोया चंक्सचे तंत्र तरी निराळे कुठे? तेल काढल्यावर उरणारे सोयाबीनचे पीठ उष्णता आणि दाबाखाली यंत्रातून काढले की तंतुमय वडी तयार होते. नव्या शाकाहारी मांसाचा पूर्वज किराणा दुकानाच्या फळीवर आधीच बसलेला आहे.

या साऱ्यात सोयाबीन पिकवणाऱ्याच्या हाती काय लागले, हा महाराष्ट्राच्या दृष्टीने कळीचा प्रश्न. २०२४-२५ साठी सोयाबीनचा हमीभाव ४,८९२ रुपये आणि २०२५-२६ साठी ५,३२८ रुपये क्विंटल होता. दोन्ही हंगामांत मराठवाडा-विदर्भातील बाजारभाव त्याखाली राहिले. सोयाबीनमध्ये तेलाचा वाटा साधारण पाचव्या हिश्श्याचा. उरते ती पेंड. ती जाते मुख्यतः कोंबड्यांच्या खाद्याला आणि निर्यातीला. म्हणजे लातूरच्या शेतातील प्रथिने माणसाच्या ताटात येतात, ती बहुधा कोंबडीच्या पोटातून. ती थेट माणसापर्यंत पोहोचली, तर पेंडीच्या जागतिक भावावरचे शेतकऱ्याचे अवलंबित्व कमी होऊ शकते. मात्र त्यासाठी प्रथिने वेगळी करणारे कारखाने हवेत आणि त्यांना पोसणारा मोठा खपही हवा. महानगरांतील शीतकपाटांच्या बळावर तो खप उभा राहणार नाही. या उद्योगाचे घोडे अक्षरशः पेंड खाते ते इथे.

नावाचा सोस

आता लढाई नावावर आली आहे. ऑक्टोबर २०२५ मध्ये युरोपीय संसदेने शाकाहारी पदार्थांना 'बर्गर', 'सॉसेज', 'स्टेक' ही नावे वापरू देऊ नयेत, असा कौल ३५५ विरुद्ध २४७ मतांनी दिला. गंमत अशी की, त्याआधी काही महिने खुद्द बियाँड मीटनेच आपल्या बोधनामातून 'मीट' हा शब्द गाळायचे ठरवले. तिच्या नव्या पदार्थात चारच घटक आहेत : पाणी, बाकल्याची प्रथिने, बटाट्याची प्रथिने आणि इसबगोल. तो कोणत्याही मांसाची नक्कल करीत नाही.

हा बदल उशिरा आलेले शहाणपण असेल किंवा अडचणीतून काढलेली वाट असेल. पण त्याची दिशा लक्षणीय आहे. नक्कल जितकी हुबेहूब, तितकी तिची अस्सलाशी तुलना अटळ, आणि त्या तुलनेत नक्कल हरते. कडधान्याला कडधान्य म्हणून, स्वस्त आणि चविष्ट करून विकणे हे काम गुंतवणूकदाराला कमी आकर्षक वाटेल. आपल्याकडील उद्योजकांनी आणि धोरणकर्त्यांनी मात्र पहिला विचार त्याचाच करायला हवा. शीतकपाटातील महागड्या कबाबापेक्षा शाळेच्या पोषण आहारातील, खानावळीतील आणि घरातील रोजच्या भाजीतील सोयाबीन वाढले, तर त्यातून ग्राहकाचे आणि शेतकऱ्याचेही हित साधण्याची शक्यता अधिक आहे.