पटकथाकार तेंडुलकर : एक सोयीस्कर विस्मरण

विजय तेंडुलकर (१९२८–२००८) यांच्यावरील मराठी समीक्षा नाटककारापाशी सुरू होते आणि बहुधा तेथेच संपते. ‘सामना’ (१९७५), ‘मंथन’ (१९७६), ‘सिंहासन’ (१९७९), ‘आक्रोश’ (१९८०), ‘अर्धसत्य’ (१९८३) यांची नामावळी तेवढी दिली जाते. ‘मंथन’च्या पटकथेला मिळालेला राष्ट्रीय पुरस्कारही चरित्राच्या तपशिलात जमा होतो.

या उपेक्षेचे समर्थन असे, की पटकथा ही अपूर्ण संहिता असून तिला पूर्णत्व दिग्दर्शक देतो. हे मान्य केले, तर ‘घाशीराम कोतवाल’चे काय करावयाचे? त्यातील माणसांची भिंतही प्रयोगातच उभी राहते. तेव्हा हा भेद वाङ्मयप्रकाराचा नसून प्रतिष्ठेचा आहे.

‘सिंहासन’मध्ये अरुण साधूंच्या दोन कादंबऱ्या एकवटल्या, ‘अर्धसत्य’मध्ये श्री. दा. पानवलकरांची एक कथा चित्रपटभर विस्तारली. काय गाळावे, काय वाढवावे, हे निर्णय म्हणजे मूळ कृतीची समीक्षाच होय. आणि ज्याची ख्याती संवादांवर उभी आहे, त्या लेखकाने ‘आक्रोश’मधील लहान्या भिकूला जवळजवळ चित्रपटभर अबोल ठेवले. हे मौन न वाचता तेंडुलकरांच्या भाषेविषयी आपण कोणत्या अधिकाराने बोलतो?

धामणगाव बढेसारख्या गावातून येणाऱ्या विद्यार्थ्यापर्यंत मुंबई-पुण्याची प्रायोगिक रंगभूमी क्वचितच पोहोचते. त्याला तेंडुलकर भेटतात ते पडद्यावर. त्याने पाहिलेले ते साहित्य नव्हे, असे त्याला वर्गात सांगणे ही वाङ्मयीन शिस्त नव्हे. तो आपल्या अभ्यासाचा आळस आहे.