अदत्तादान आणि १९९ रुपये



आम्ही ताथवड्याच्या बायका भाजीवाल्याशी पाच रुपयांसाठी वाद घालतो, पण कार्डाच्या स्टेटमेंटमध्ये अनोळखी १९९ रुपये दिसले की म्हणतो, "जाऊ दे, कोण फोन करत बसणार!" याला अपरिग्रह म्हणू नका, हा आळस आहे. न दिलेलं घेणं हे अदत्तादान. ते कळूनही चालू देणं ही अनुमोदना.

मात्र आधी शहानिशा करा. दुकानाची पाटी एक, कंपनीचं नाव दुसरंच असतं. तारीख-रक्कम पावत्यांशी जुळवा, घरात विचारा. नातवाचं फुकट ट्रायल संपून वर्गणी सुरू झालेली असेल, तर ती बंद करा. न तपासता कुणाला चोर म्हणणं हा मृषावाद.

तरीही उलगडा झाला नाही, तर लगेच कार्डामागच्या नंबरवर फोन करून कार्ड बंद करा, तक्रार क्रमांक लिहून घ्या. रिझर्व्ह बँकेच्या जुलै २०१७ च्या परिपत्रकाने सांगितलं होतं: चूक तुमची नाही, बँकेचीही नाही, आणि मेसेज आल्यापासून कामकाजाच्या तीन दिवसांत कळवलंत, तर तुमच्यावर भार शून्य. चूक तुमची होती हे सिद्ध करायचं बँकेने.

रोज प्रतिक्रमणात आपण स्वतःचे दोष तपासतो. महिन्यातून एकदा स्टेटमेंट तपासायला दहा मिनिटं नाहीत?